प्रश्नचिन्हाला कोड नसतो

मी कोडिंग करतो असं सांगितलं की समोरच्या माणसाला वाटतं, हा अ‍ॅप बनवतो. आमच्या कामोठ्याच्या सोसायटीत सेक्रेटरींनी याच समजुतीवर मला एकदा सीसीटीव्ही दुरुस्त करायला बसवलं. नाही म्हणायचं धैर्य नव्हतं, आणि खरं सांगायचं तर थोडी हौसही होती. त्यानंतर आठवडाभर पार्किंगचा कॅमेरा फक्त गच्चीवरची पाण्याची टाकी दाखवत होता. टाकी कुणी चोरली नाही, एवढंच त्यातलं समाधान.

माझं कोडिंग वेगळं. ऐरोलीच्या ऑफिसात बसून मी अमेरिकेतल्या डॉक्टरांच्या नोंदी वाचतो आणि प्रत्येक आजाराला त्याचा ठरलेला कोड लावतो. त्या कोडवर तिकडचा विमा चालतो. माझ्या वाट्याला हाडं आली, त्यातही कणा, आणि कण्यातही कंबर. आपटून मोडलेला मणका वेगळा. ठिसूळ होऊन खचलेला वेगळा. आणि पडणं नाही, धडपडणं नाही, तोच तोच ताण सोसून तडकलेला वेगळा. या तिसऱ्याला तिकडे सरळ थकव्याचं फ्रॅक्चर म्हणतात. तडा कुठे आहे त्याप्रमाणे आकडा बदलतो आणि शेवटी एक अक्षर लागतं: उपचार चालू आहेत, हाड भरून येतंय, का उशिरा भरतंय. दिवसभर हे करून संध्याकाळी कंपनीच्या बसमधून उतरताना माझी स्वतःची पाठ लाकडासारखी झालेली असते. तिला कोड लावायला मात्र कोणी बसलेलं नसतं.

या धंद्यात शिरलो तेव्हा एका नोंदीत मी 'स्ट्रेस फ्रॅक्चर' एवढं वाचलं आणि झटक्यात कोड लावून मोकळा झालो. शब्दाच्या पुढे डॉक्टरने प्रश्नचिन्ह काढलं होतं, ते मला दिसलंच नाही. आमचं काम तपासणाऱ्या बाईंनी मला बोलावून घेतलं.

"डॉक्टरला नुसती शंका आहे," त्या म्हणाल्या. "तुम्ही त्या माणसाला फ्रॅक्चर देऊन टाकलंत. आता ते त्याच्या कागदांवरून कोण काढणार? ओपीडीत शंकेला कोड नाही. त्याची पाठ दुखतेय ना? मग पाठदुखी लावा आणि पुढची फाइल घ्या."

नियम रास्त होता. मी तो असा काही अंगी बाणवला की नवीन पोरांना शिकवायला मलाच उभं करू लागले. प्रश्नचिन्ह दिसलं की पाठदुखी. पुढची फाइल.

माझी मुलगी फास्ट बॉलिंग टाकते. नेरूळला एका मैदानावर शिकायला जाते. शाळेतल्या मुली तिला घाबरतात आणि मीही थोडा. गेल्या वर्षी जिल्ह्याच्या मुलींच्या टीमची निवड जवळ आली तशी ती सकाळी बूट घालायला वाकताना थांबायला लागली. तिचे कोच सारसोळे गावातले, स्वतः एके काळी खेळलेले. त्यांना विचारलं.

"काय नाय साहेब," ते म्हणाले. "फास्ट बॉलरची पाठ दुखनारच. नाय दुखली त समजायचा, पोरगी जोर लावत नाय."

तरी बायकोने हाडांच्या डॉक्टरीणबाईंकडे न्यायला लावलं. त्यांनी पोरीला एका पायावर उभं करून मागे वाकवलं. दुसऱ्या पायावर वाकवलं तेव्हा पोरीने पटकन बाईंचा हात धरला. बाईंनी कागदावर लिहिलं ते मी त्यांच्या टेबलावर उलट्या बाजूनेच वाचलं. ती माझी रोजची भाषा. कंबरदुखी. खाली, शेवटच्या मणक्याचं स्ट्रेस फ्रॅक्चर, आणि त्यापुढे चांगलं ठसठशीत प्रश्नचिन्ह. एमआरआय करा. तोवर बॉलिंग बंद.

निवड येत्या रविवारी होती.

घरी आल्यावर पोरगी बॉल हातात फिरवत बसली. मी चष्मा लावला, कागद जेवणाच्या टेबलावर पसरला आणि ऑफिसात नवीन पोरांना सांगतो तसं सुरू केलं.

"हे चिन्ह बघा. याचा अर्थ, त्यांना स्वतःलाच खात्री नाही."

"मग खात्री करून घेऊ," बायको म्हणाली. "उद्याच एमआरआय करू."

"उद्या केला आणि त्यात केसाएवढं काही दिसलं, की हिची निवड गेली. सोमवारी करू. तोवर याला कंबरदुखीच म्हणायचं. तसा नियम आहे."

"कुणाचा नियम?"

"अमेरिकेचा."

"पोरगी कामोठ्यात राहते," बायको म्हणाली.

पण तिचा आवाज उतरला होता. थोड्या वेळाने तीच म्हणाली, "दिवसभर तुम्ही हेच वाचता. मला त्यातलं काय कळणार." लग्नानंतर पहिल्यांदाच माझ्या नोकरीचा घरात काही उपयोग झाला होता. पोरीने माझ्याकडे असं पाहिलं की मी खुर्चीत थोडा उंच झालो. त्या घटकेला कुणी मला ऑपरेशन करायला सांगितलं असतं तरी मी हात धुऊन आलो असतो.

रविवारी तिने सुंदर गोलंदाजी केली. मला क्रिकेटमधलं फारसं कळत नाही, पण समोरच्या मुली मागे सरकत होत्या हे मलाही दिसत होतं. शेवटच्या षटकात ती रनअपच्या टोकाकडे परतताना कमरेवर हात ठेवून चालत होती. मी कोचकडे बघितलं.

"बग कशी टाकतंय," ते खूश होऊन म्हणाले.

निवड झाली. येताना पेढे आणले. सेक्रेटरींनाही दिले, सीसीटीव्हीचं ते विसरले असावेत अशा आशेने.

सोमवारी सकाळी तिच्या खोलीतून हाक आली. "पप्पा, मला उठवा जरा." ती कुशीवर होती आणि तिथून पुढे तिला जाता येत नव्हतं. मी एक हात मानेखाली घातला, एक गुडघ्यांखाली, लहानपणी घालायचो तसा. तिने दात आवळून धरले होते.

एमआरआयमध्ये शेवटच्या मणक्याला दोन्ही बाजूंनी तडा निघाला.

"मी बॉलिंग बंद करायला सांगितलं होतं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

मी त्यांना आमचा नियम समजावून सांगितला. होय, सांगितला. शंकेला कोड नसतो, वगैरे. त्या शेवटपर्यंत ऐकत राहिल्या.

"तो बिलं करणाऱ्यांसाठी असेल," त्या म्हणाल्या. "मी प्रश्नचिन्ह काढलं ते तुम्ही थांबावं म्हणून. आधी एका बाजूलाच असेल कदाचित. आता ते सांगता येणार नाही."

कमरेला पट्टा, खेळ पूर्ण बंद, टीममधून नाव कमी. कोच घरी येऊन गेले. बराच वेळ चहाचा कप हातात धरून बसले आणि "मना वाटला, नेहमीचाच हाय," एवढंच म्हणाले. त्यांना धीर द्यायला मी म्हटलं, "मलाही तसंच वाटलं." बायको आत भांडी घासत होती. त्या वाक्यानंतर भांड्यांचा आवाज वाढला.

मी सुट्टी संपवून कामावर गेलो. त्याच आठवड्यात एक फाइल समोर आली. कंबर, स्ट्रेस फ्रॅक्चर, प्रश्नचिन्ह. मी पाठदुखीचा कोड लावला. दुसरं काही लावता येत नाही, आणि नियम चुकलेलाही नाही. फक्त त्या दिवशी पुढची फाइल उघडायला मला वेळ लागला. त्या माणसाने कामावर जायचं थांबवलं की नाही, हे मला कधी कळणार नाही. आमच्याकडे फाइल येते, पाठ येत नाही.

पुढचे महिने नुसते कंटाळ्याचे गेले. पोरगी पट्टा बांधून पुस्तकं वाचायची, फिजिओच्या बाईंनी दिलेले व्यायाम करायची, आणि टीमच्या सामन्यांचे व्हिडिओ आवाज बंद करून बघायची. घरात कुणी कुणाला रागावत नव्हतं. बायको तर मला मुद्दाम काही बोलायची नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

मग पुन्हा स्कॅन झाला. एक बाजू भरून आली होती. दुसरी नव्हती.

"म्हणजे बॉलिंग कधी?" पोरीने विचारलं.

डॉक्टरीणबाई उत्तराची जुळवाजुळव करत होत्या. ती शांतता मला सहन झाली नाही आणि मी तोंड उघडलं. "या फ्रॅक्चरच्या कोडमध्ये भरतंय आणि उशिरा भरतंय, अशी दोन अक्षरं आहेत. अजिबात जुळलं नाही, असं अक्षरच नाही. म्हणजे उशिरा का होईना..."

"तुमच्या यादीत नसेल," बाई म्हणाल्या. रागाने नाही, माझ्याइतक्याच दमलेल्या आवाजात. "पाठीत असू शकतं."

"म्हणजे कधीच नाही?" पोरगी म्हणाली.

"असं मी म्हटलेलं नाही. एक बाजू भरलीय, तू नीट पाळलंस म्हणून. दुसरीला वेळ देऊन बघू. या सीझनला नाही. पुढच्याचं मला आज सांगता येत नाही."

पोरीने मान हलवली. माझ्याकडे बघितलं नाही. मी काहीतरी म्हणेन अशी तिला भीती असावी.

खाली येऊन आम्ही रिक्षा केली. नेरूळपासून कामोठ्यापर्यंत ती काठीसारखी सरळ बसली होती. मला खूप काही सुचत होतं: पुष्कळ खेळाडूंना होतं हे, तुझं वय लहान आहे, बॅटिंगही चांगली आहे तुझी. एकेक वाक्य तोंडापर्यंत यायचं आणि मी ते गिळायचो. माझ्यासारख्या माणसाला याचा किती त्रास होतो ते सांगून पटणार नाही.

सोसायट्यांच्या रस्त्याला लागलो तशी ती पुढे वाकली.

"काका, पुढे स्पीडब्रेकर आहेत. जरा हळू घ्याल?"

रिक्षावाल्याने गाडी चालीवर आणली आणि आरशातून माझ्याकडे पाहिलं. "साहेबांची कंबर धरलीय काय?"

"नाही," ती म्हणाली. "माझी. फ्रॅक्चर आहे."

त्याने मागे वळून तिच्याकडे एकदा नीट पाहिलं, आणि मग प्रत्येक स्पीडब्रेकर असा ओलांडला की जणू मागच्या सीटवर अंड्यांचा ट्रे ठेवलाय. तिने दोन्ही हातांनी सीट धरून ठेवली होती. मी गप्प बसलो होतो.