अंबरीशची मिनोरी

"ती तुझ्याकडे बघून हसत नाही रे, कॅमेऱ्याकडे बघून हसते!" अंबरीशच्या बायकोचा, निधीचा आवाज भिंतीतून आरपार आला.

"हसते तरी," अंबरीश म्हणाला.

लंडनजवळच्या स्लाऊमधल्या या घरांच्या भिंती म्हणजे नुसता पुठ्ठा. शेजारच्या सुचेताआजी हातातलं लाटणं तसंच धरून उभ्या राहिल्या. त्यांना वाटलं, ऑफिसातली कुणी गोरी असणार. पुढं कळलं, ही सवत राहते जपानात, नाव मिनोरी, आणखी आठ पोरींबरोबर स्टेजवर गाते-नाचते, आणि अंबरीशनं तिला समोरासमोर पाहिलंय ते जन्मात एकदाच. तोवर निधी नागपूरला निघून गेली होती, कायमची.

अंबरीश वेअरहाऊसचं सॉफ्टवेअर सांभाळायचा, तेही घरी बसून. दिवसभर त्याच्या घरातून माणसाचा म्हणून आवाज यायचा तो मिनोरीच्या गाण्याचा. आजींचं तरी काय वेगळं होतं? मुलगा कार्डिफला, त्याचा फोन रविवारी. मग दोघं संध्याकाळी चहाला एकत्र बसू लागली.

"हात मिळवायचं तिकीट होतं, आजी," त्यानं एकदा टोकियोची गोष्ट सांगितली. "तिचा हात हातात घ्यायचा, दोन शब्द बोलायचे, पुढं सरकायचं. माझा टर्न आला नि माझे हात आपोआप जोडले गेले. नमस्कार!"

"अरे मुडद्या! देवळात गेला होतास का?"

"तिनंही हसून हात जोडले. तेवढ्यात गार्डनं मला बाजूला केलं."

आजींना हसता हसता ठसका लागला. मग त्यांच्या मनात आलं: एवढ्या लांब विमानानं गेलेला पोरगा, हातसुद्धा न लागता परत आला.

टोकियोहून आल्यापासून तो दर शनिवारी तिला पत्र टाकायचा, जपानी शिकून जपानीत, तिच्या कंपनीच्या पत्त्यावर. उत्तर यायचं नाही, तिकडं तशी रीतच नाही. पण आठवडाभर कुणाला काही सांगावंसं वाटलं, तर ते त्या पाकिटात जायचं.

या वसंतात मिनोरीनं जाहीर केलं, की आपण गाणं सोडतोय, आता चारचौघींसारखं जगायचंय. तिकडं याला शाळा पास होऊन बाहेर पडल्यासारखं मानतात. चाहत्यांनी रडून घ्यायचं, आभार मानायचे आणि पुन्हा तिच्या वाटेला जायचं नाही.

अंबरीश काही दिवस चहाला फिरकला नाही. आला तो फोन पुढं करून. "चाहत्यांच्या ग्रुपवर कुणीतरी तिच्या घरचा पत्ता टाकलाय, आजी. इथं लिहिलं तर थेट तिच्या हातात पडेल."

"मग लिही की. तुला तरी दुसरं कोण आहे?"

बोलून गेल्यावर आजींनाच कसंतरी झालं. अंबरीश पत्त्याकडं बघत राहिला. चहावर साय धरली.

"घाबरेल ती," तो शेवटी म्हणाला. "आज माझं पत्र, उद्या कुणीतरी दारातच उभा."

त्यानं पत्ता पुसला, ग्रुपही सोडला. "आता शनिवारचं काय करू, आजी?"

आजींनी त्याचा कप उचलला आणि चहा गरम करून आणला.

मिनोरीची कंपनी महिनाअखेरपर्यंत तिच्या नावची पत्रं घेणार होती. शनिवारी तो शेवटचं पाकीट घेऊन निघाला, आजीही कढीलिंबाच्या निमित्तानं बरोबर. पोस्टातल्या बाईनं पाकीट काट्यावर ठेवलं.

"जपान, लव्ह?" इकडं अनोळखी गिऱ्हाइकालाही लव्ह म्हणतात.

"जपान."

तिनं तिकीट चिकटवलं. त्यानं पावती खिशात घातली, थँक्यू म्हटलं आणि आजींसाठी दार उघडून धरलं.