आज विशेष काही घडले नाही

एका शाळेत बावीस वर्षं काढली की किस्से जमवावे लागत नाहीत, ते आपणहून मागे लागतात. मी इतिहास शिकवते. अष्टमी गावाहून सकाळच्या एसटीने पेणला येते आणि संध्याकाळी परतताना आदल्या दिवसापेक्षा एक किस्सा जास्त घेऊन जाते. त्यातले निम्मे आमच्या शाळेच्या दारातल्या फळ्यावर घडलेत.

फळ्याचं असं आहे. डाव्या बाजूला 'आजचा दिनविशेष', म्हणजे याच तारखेला पूर्वी कोण जन्मलं, कोण गेलं, कुठलं युद्ध झालं. उजव्या कोपऱ्यात 'आजचे वाढदिवस', मुलांचे आणि स्टाफचे. मजकूर मी पुस्तकातून काढून देते, लिहितात मोकलमामा. मामा आमचे शिपाई. अक्षर असं, की तपासणीला आलेले साहेब हात लावून बघतात, छापलंय की काय!

आणि जगाचे वाढदिवस लिहिणाऱ्या या माणसाचं स्वतःचं नाव त्या कोपऱ्यात कधी आलं नाही. कारण दाखल्यावर जन्मतारीख एक जून! मामांच्या खाडीकाठच्या गावात तेव्हा तारखा कोणी लक्षात ठेवत नसे. पोरगं शाळेत घालताना गुरुजी सरळ एक जून टाकायचे. आमच्या स्टाफमध्ये असे चार एक जूनवाले आहेत. आणि एक जूनला शाळेला सुट्टी!

यंदा मामा रिटायर होणार. दिवाळीच्या सुट्टीनंतर एकदा खडूचे हात झटकत म्हणाले, "बाई, सगल्यांचा लिवला. जाताना एकदा आपला पन नाव त्या कोपऱ्यात यावा."

मला फार वाईट वाटलं. इतकी वर्षं माझ्या कसं लक्षात आलं नाही?

* * *

तर या फळ्याने काय काय केलंय ते ऐका. हेडसरांचा वाढदिवस आणि एका थोर पुरुषाची पुण्यतिथी एकाच दिवशी येते. एका वर्षी मधली रेघ कोणाच्या तरी दप्तराने पुसली गेली. थोर पुरुषाचं नावही त्यातच गेलं. उरलं काय? एकीकडे 'पुण्यतिथीनिमित्त विनम्र अभिवादन', आणि त्याला लागून हेडसरांचं नाव!

नऊ वाजता एक पालक हार घेऊन दारात. "सर गेले कसे वो? काल तर बाजारात दिसले!"

तेवढ्यात सर केबिनमधून बाहेर आले. पालक पांढरेफटक! सरांनी फळा वाचला, मान पुढे केली आणि म्हणाले, "आणलाच आहे तर घाला. वाढदिवस आहे."

* * *

आमचे क्लार्क पाटील स्टाफच्या ग्रुपवर रोज दिनविशेष फॉरवर्ड करतात. एका आठवड्यात एकच लढाई तीनदा आली. मी लिहिलं, "पाटील, ही लढाई आपण सोमवारीच जिंकलो."

पाटलांचं उत्तर, "बाई, आमच्याकडं नेटवर्क नाय. बातमी आज पोचली!"

* * *

हमरापूरच्या घराघरात गणपती घडतात, त्यामुळे तिकडच्या मुलांचं कॅलेंडर वेगळंच. सहावीतल्या एका मुलीला विचारलं, "पंधरा ऑगस्टला आपल्याला काय मिळालं?"

"ऑर्डरी!"

वर्ग हसला. ती पोर मात्र गंभीर. "खरंच बाई. त्या दिवशी आमच्या घरात जेवायला पन कोनाला वेळ नसतो."

* * *

मामांच्या तारखेचा विषय मी मीटिंगमध्ये काढला. खरी तारीख मिळत नसेल तर त्यांनी एखादी निवडावी, असं ठरलं. सगळ्यांना जोर चढला. कोणी म्हणालं, सव्वीस जानेवारी घ्या.

"त्या दिवशी झेंड्याची दोरी बांधू का केक कापू?" मामा म्हणाले.

"मग एखाद्या थोर माणसाच्या जयंतीला घ्या," पाटील म्हणाले.

"नको. त्यांच्या बाजूला आपन कोनाला दिसनार?"

मामा दिनविशेषाचं पुस्तक घरी घेऊन गेले. आठवडाभर वाचलं. परत आणलं तेव्हा चेहरा उतरलेला. "बाई, रोज कोन ना कोन मोठा मानूस जन्मलाय, नाय तर मेलाय. आपन शिरायचा कुठं?"

मग त्यांनी फेब्रुवारीतलं एक पान उघडून पुढे केलं. त्यावर दोनच ओळी होत्या, कुठल्याशा दोन परक्या देशांच्या तहाच्या.

"यो तह परीक्षेला येतो का?"

"नाही."

"मग मोडूया!"

* * *

तो दिवस उजाडला. मामांनी नवी पँट घातली होती. डावीकडे सुंदर अक्षरात लिहिलं, 'आज विशेष काही घडले नाही.' उजवीकडे, 'हिराजी मोकल (मामा)'. सगळी शाळा फळ्यापुढे गोळा झाली, टाळ्या झाल्या.

मामांची आतेही आली होती. नव्वदीच्या पुढची, काठी टेकत आलेली. मामांच्या जन्माच्या वेळी घरात असलेलं आता तेवढंच एक माणूस. लिहिता-वाचता येत नाही. मला म्हणाली, "काय लिवलाय गो बाय? वाच."

मी वाचून दाखवलं. आतेने काठी आपटली.

"काय घडला नाय? कोन म्हंतो? वरून पाऊस, खालून उधाण, खाडीचा बांध फुटला, सगला मीठ वाहून गेला! आमी बाया घराच्या माल्यावर चढून बसलेलो, नि तितं यो जन्मला! नि म्हनं काय घडला नाय!"

फेब्रुवारीत पाऊस? पण लगेच लक्षात आलं. बांध फुटला म्हणजे कुठेतरी नोंद असणार! साल कळलं तर महिना सापडेल, महिना सापडला तर तारीख. मामांचा खरा दिवस!

मामांनाही ते कळलं होतं. डस्टर घेऊन त्यांनी डावी बाजू पुसली आणि लिहिलं, 'खाडीचा बांध फुटला.' मग खडू तसाच धरून वळले.

"आते, नीट आठव. बांध फुटला ता साल कुठला?"

आते आमच्याकडे बघत राहिली, एवढी शिकलेली माणसं आणि एवढं साधं कसं कळत नाही!

"कुठला म्हंजे? तू जन्मलास ना, ता साल!"