ग्रिपवरचं एरंडेल

सकाळी बायको माझ्या गुडघ्यासाठी एरंडेल कोमट करते. तो जड वास आला, की मी अमरावतीच्या स्वयंपाकघरात राहत नाही. परतवाड्याच्या पुढे घाटात उभा असतो. अंगात हिरोचं जाकीट, गळ्यापर्यंत चेन ओढलेली, हेल्मेटमध्ये हिरोसारखा विग. सिनेमातला माझा पहिलाच स्टंट. वळणावर हँडल सोडायचं आणि मोटारसायकलवरून पडायचं, एवढंच काम.

त्याआधी अकोल्यात मी शर्यतीत गाडी पळवायचो. माझे उस्ताद, गॅरेजवाले वामनकाका, एकच शिकवायचे, "मरशीन तं मर पोट्ट्या, पण हँडल सोडू नोको."

ते माझ्या हातांत मुरलं होतं. घाटात गाडी घसरली आणि हातांनी ती सावरली. जमलेल्या लोकांनी शिट्ट्या मारल्या, स्टंटमास्तरांनी कपाळावर हात मारला. दुसऱ्यांदाही तेच झालं. मग मास्तरांनी हँडलच्या दोन्ही ग्रिपांना एरंडेल चोपडलं. मला तिथून निघून जायचं होतं. पण आमच्याकडच्या शर्यती बंद पडल्या होत्या, जाणार कुठं?

हात सुटले. शॉट ओके झाला.

तेव्हा वाटलं, एकदाच तर पडायचंय. आता कळतं, त्याआधी गाडी सावरली, ती माझी शेवटची वेळ होती. पुढे मला सगळ्यांनी पडायलाच बोलावलं.

"तेल तं मी गुडघ्याले लावून राहिली," बायको म्हणते, "तुमी मुठी काहून आवळून बसले?"