शिडावर दिसलेला धर्मा

असल्या गोष्टींवर माझा विश्वास नव्हता... आजही 'आहे' असं म्हणवत नाही. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. शास्त्र शिकतो आणि मासिकाला असलं लिहून पाठवतो, म्हणून सोबती हसतील. हसोत. पण हे माझ्यासमोर घडलं.

माझा वासूमामा मुंबईत मूकपटांचा कॅमेरामन होता. खोट्या राजवाड्यांना कंटाळून, बोलपट आले तेव्हा त्याने स्टुडिओ सोडला आणि हाताने फिरवायचा जुना कॅमेरा घेऊन आमच्या कुलाबा जिल्ह्याच्या किनाऱ्यावर खऱ्या कामांची चित्रं घेत हिंडू लागला — मिठागरं, नागावच्या वाड्या, थळच्या होड्या. त्याची एक रीत होती. कॅमेरा कमरेच्या उंचीवर, माणसाच्या पाठीमागे. कुणाला हाक मारायची नाही. "हाक मारली की माणूस काम सोडून नट होतो," तो म्हणे. "पाठ खोटं बोलत नाही."

थळच्या कोळणी त्याची टर उडवत. "काय रं दादा, आमच्या तोंडाला मासलीचा वास येतो काय? सारख्या पाठीच काढतोस!" त्यात हिराबाय सगळ्यांच्या पुढे.

या हिराबायचा एकुलता एक मुलगा धर्मा त्या वर्षी पावसाळा संपल्यावर समुद्रात गेला, तो परत आला नाही. ती पहाटेच मासळी घेऊन अलिबागच्या बाजाराला गेली होती. मामाने मात्र त्या सकाळी होडी लोटताना त्याचं चित्र घेतलं होतं. वादळात होडी उलटली. त्याचा जोडीदार पोशा फळीला धरून वाचला. धर्माचं प्रेतही मिळालं नाही, आणि घरात त्याचा एक फोटो नव्हता.

दिवाळीच्या सुट्टीत मी मामाबरोबर थळला होतो. हिराबाय आली.

"दादा, त्या दिसाचा शिनेमा तुझ्याकडं हाय ना? माज्या पोराचं तोंड एकदा दाव. मंग काय मागणार न्हाय."

मामा खाली बघत म्हणाला, "पाठच आहे गं त्यात..."

"आसू दे. दाव."

तिन्हीसांजेला किनाऱ्यावर दोन वाशांना पडदा म्हणून होडीचं शीड ताणून बांधलं. मामा प्रोजेक्टरच्या दिव्यामागे हँडल फिरवू लागला. धर्मा दिसला — उघडी पाठ, कमरेला रुमाल, खांदा होडीला लावलेला. तेवढ्यात हिराबाय ताडकन उठली, म्हणून मी शिडावरून नजर काढून तिच्याकडे बघितलं.

"वलला! माज्याकडं बघून हासला... दाढी केलीन माज्या पोरान!"

बाकी कुणाला पाठीशिवाय काही दिसलं नव्हतं. "अगो, नवसाची दाढी ती, नवस फिटल्याबिगर कशी करील तो?" शेजारीण तिला बसवू लागली. पण माझ्या बाजूचा पोशा उठून तिच्यासमोर जाऊन बसला.

"केली व्हती," तो म्हणाला. "नवस फिटला व्हता... आये येल तवा गंमत करतो बोलला. होडी लोटायच्या दिशी वस्तरा लावायचा न्हाय, तरी माज्याच वस्तऱ्यान केलीन. दादा पाठीमागं व्हता, दुसरं कोन किनाऱ्यावर नव्हतं. मी कुनाला बोललो न्हाय. समदे माज्यावरच आले असते..."

मला वाटलं, आता ती त्याला शिव्या घालणार. तिने त्याच्या डोक्यावर हात ठेवला.

"बरा दिसत व्हता ना रं?"

मग तिने पुन्हा दाखवायला सांगितलं. मामाने दाखवलं. पुन्हा दाखवलं. पाठच. धर्मा वळला नाही. शेवटी मामाने रीळ काढून दिव्यासमोर धरलं आणि एकेक चित्र तपासलं... एकातही चेहरा नव्हता.

"एक हाक मारली असती," तो म्हणाला. "नुसतं 'धर्मा'... वळला असता."

त्यानंतर मामाची रीतच बदलली. चित्र संपता संपता तो त्या माणसाला नावाने हाक मारतो; माणूस काम थांबवून वळतो, लाजतो, कुणी हसतं. मुंबईचे लोक म्हणतात, हा दोष आहे, कापून टाका. मामा कापत नाही.

मी आमच्या प्रोफेसरांना विचारलं. ते म्हणाले, दुःखात मन हवं ते बघतं. असेलही. पण ती दाढी? पोशा शपथेवर सांगतो, तो कुणाकडे बोलला नव्हता. मला उत्तर मिळालेलं नाही... हिराबायला ते नकोच आहे. मामा थळला गेला की ती अजून तेच चित्र बघायला शिडासमोर येऊन बसते. धर्मा आणखी एकदा वळावा, एवढंच तिला हवं असतं.