कट म्हणायचं नाही

असिस्टंट डायरेक्टर नक्की काय करतो, हे मी माझ्या आईला आजपर्यंत समजावू शकलेलो नाही. एकदा ती शूटिंग बघायला आली. दिवसभर माझ्याकडे बघत बसली आणि संध्याकाळी म्हणाली, "तू नुसता लोकांना बाजूला हो, बाजूला हो करतोस. ह्याच्यासाठी मुंबईला गेलास व्हय?"

घ्या! पण खरं सांगू का, तिने माझा अख्खा धंदा एका वाक्यात सांगितला. फ्रेममध्ये जे नको ते बाहेर काढणं, हेच माझं काम. प्लास्टिकची बाटली उचल, बघ्यांना हटव, कुत्रं हाकल, विजेच्या खांबापुढे फांदी बांध. आणि स्वतः तर चुकूनसुद्धा फ्रेममध्ये यायचं नाही. नवीन होतो तेव्हा एका शॉटमध्ये माझं कोपर दिसलं, तर सगळ्या युनिटसमोर माझ्या खानदानाचा उद्धार झाला होता. तेव्हापासून कॅमेरा दिसला की माझे पाय आपोआप मागे सरकतात.

मी मोखाड्याकडचा, खोडाळ्याच्या पुढच्या एका पाड्यावरचा. जव्हारला कॉलेजात होतो तेव्हा जवळच्या दाभोसा गावी नदीवर एक शूटिंग आलं. त्यांना गर्दी हवी होती आणि मला पाडे माहीत होते. जिपा भरभरून माणसं नेली. शूटिंग संपलं तेव्हा त्यांच्याच टेम्पोत बसून मुंबईला गेलो आणि या धंद्याला चिकटलो. पुढे आमच्या भागात कुणीही शूटिंगला आलं की क्राउड आणायचा तो मीच, आणि क्राउडमधला पहिला माणूस माझा बा.

बा म्हणजे क्राउडमधलं सोनं. कॅमेऱ्याकडे बघू नको म्हटलं की बघायचा नाही. कट म्हणेपर्यंत जागचा हलायचा नाही. एकदा शिरपामाळावर डायरेक्टर कट म्हणायचं विसरून जेवायला निघून गेला. बा आपला डोक्यावर लाकडाची मोळी घेऊन उन्हात उभा. मी धावत गेलो, "अरे बा, संपलं की कधीच!" तर म्हणतो, "कोण बोललाच नाय." संध्याकाळपर्यंत सगळं युनिट हसत होतं. मला मात्र त्या दिवशी त्याचा फार अभिमान वाटला होता.

मग मला अवदसा आठवली. दुसऱ्यांच्या पिक्चरमध्ये हरकाम्या होऊन किती दिवस राबायचं, म्हणून स्वतःचा पिक्चर काढायला घेतला. निर्माता! हा शब्द ऐकला की लोकांना पांढरी गाडी आणि बोटांत अंगठ्या दिसतात. मी असा निर्माता होतो की क्लॅप मीच द्यायचो, चहा मीच ओतायचो आणि रुसलेल्या हिरॉइनची समजूतही मीच काढायचो. माझ्या पिक्चरचा असिस्टंट डायरेक्टरही मीच, दुसरा परवडणार कुठून? डायरेक्टर माझा मुंबईतला जुना दोस्त. तो माझ्यासाठी फुकट आला होता आणि हे दर दोन तासांनी ऐकवायचा.

पिक्चर एकदा पावसाने बंद पडला. एकदा हिरोला मालिका मिळाली म्हणून बंद पडला. शेवटी फक्त लग्नाचा सीन उरला. आमच्या पाड्यावरचं लग्न, जसं लागतं तसं, सगळं एका लांब शॉटमध्ये. त्याच्याशिवाय गोष्टीला अर्थच नव्हता. कॅमेरामन दुसऱ्या शूटिंगच्या सुट्टीच्या दिवशी कॅमेरा घेऊन येणार होता. तो एक दिवस हुकला असता तर माझा पिक्चर कायमचा संपला असता.

आणि नेमकं त्याच वेळी बाने अंथरूण धरलं.

छातीचं दुखणं होतं. हॉस्पिटलवाल्यांनी सांगितलं, घरी न्या, आवडेल ते खायला घाला. आई रडली नाही. तिने एकच गोष्ट धरून ठेवली. "आमचं लगीन राहिलं," ती म्हणायची. भाकरी थापताना म्हणायची, पाणी आणताना म्हणायची.

तुम्हाला नवल वाटेल, पण आमच्याकडे यात लाजण्यासारखं काही नाही. बाई घरात राहायला येते, संसार सुरू होतो, पोरंबाळं होतात आणि लग्न जमेल तेव्हा लागतं. मांडव, पाहुणे, गावजेवण, धवलेरी, सगळं जुळून यावं लागतं. धवलेरी म्हणजे लग्न लावणारी बाई. ती गाणी गाऊन देवांना मांडवात बोलावते आणि लग्न लावते. आई भाताच्या लावणीच्या दिवसांत बाच्या घरी आली होती. मग पुढच्या वर्षी लावू, त्याच्या पुढच्या वर्षी लावू, असं करता करता मी मिशा फुटण्याएवढा झालो. मी पिक्चर काढायला घेतला तेव्हा बाच म्हणाला होता, "आधी तुझं होऊ दे. आमचं काय पळून चाललंय?"

आता ते पळून चाललं होतं. लग्न न लागता गेलेल्या माणसाला पलीकडे कुणी जवळ करत नाही, असं आई मानते. मी मानतो का? तिचा चेहरा बघितल्यावर मीही मानायला लागलो होतो. पण लग्न लावायचं कशाच्या जोरावर? माझ्याकडे जे होतं नव्हतं ते सगळं त्या शूटिंगच्या मांडवात गेलं होतं.

तो दिवस उजाडला. कॅमेरा वेळेवर आला, हा पहिला चमत्कार. मांडव घातलेला, भात शिजत होता, सगळा पाडा क्राउड म्हणून जमलेला. हिरो-हिरॉइन नवरानवरी होऊन बसले होते. धवलेरीला आणायला मी खोडाळ्याहून जीप पाठवली होती. म्हातारी उतरली, मांडवात आली, हिरॉइनची हनुवटी धरून म्हणाली, "कोणाची गं तू?" हिरॉइनने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "आजी, मुंबईची आहे. लग्न पिक्चरमधलं आहे. तुम्ही फक्त गाणी म्हणायची."

म्हातारी मटकन खाली बसली. "खोटं लगीन मी लावत नाय. देवांना बोलवायचं, ते येणार. आन आल्यावर त्यांना काय सांगू? घरी जा, हे नाटक हाय, असं म्हणू?"

मी समजावलं. हात जोडले. पाय धरले. चिडलो, ओरडलो, पुन्हा पाय धरले. म्हातारी ढिम्म. डायरेक्टर म्हणाला, "दुसरी कुणीतरी म्हातारी उभी कर, ओठ हलवू दे, आवाज मुंबईत भरू." पाड्यावरची एकही बाई तयार होईना. धवलेरीच्या जागी उगाच कोण बसणार? ऊन सरकत होतं. कॅमेरामन घड्याळ बघत होता. मी मांडवाच्या मागे गेलो आणि खांबावर डोकं आपटून घ्यावं की काय, अशा विचारात उभा राहिलो. एवढी वर्षं दुसऱ्यांची शूटिंगं निभावली आणि स्वतःच्या दारात माझी अशी फजिती.

तेव्हा आई घरातून बाहेर आली. ओल्या हातांनीच. माझ्याकडे बघितलंही नाही, सरळ धवलेरीपुढे गेली.

"खोटं नको ना तुला? मग खरं लाव. मी हाय, तो हाय. आमचंच लाव."

 मांडवातल्या बायका एकदम हसायला, ओरडायला लागल्या. म्हातारी उठून उभी राहिली आणि म्हणाली, "आण त्याला."

डायरेक्टरने मला कोपऱ्यात ओढलं. "डोकं फिरलं का तुझं? नवरानवरी म्हातारी!"

"पाठीमागून घे. डोक्यावर बाशिंग असतं, वरून कापड असतं. पाठीवर वय लिहिलेलं नसतं. तोंडं मग हिरो-हिरॉइनची घे, जेवढी पाहिजेत तेवढी."

त्याने मान डोलावली. दुसरा मार्गच नव्हता. धवलेरीने अट घातली ती मलाच उद्देशून. एकदा सुरू केलं की मध्ये थांबणार नाही. मध्ये कुणी ओरडायचं नाही. आणि परत म्हणणार नाही. "तुमचं ते कट का फिट, ते म्हणायचं नाय."

चौघांनी बाला बाजेसकट बाहेर आणलं. बायकांनी हळद लावली. एक म्हणाली, "नवरा लाजतोय गं!" दुसरी म्हणाली, "एवढी वर्षं दम काढला, आता कशाला लाजतोस?" बा हसला, हसता हसता खोकला. आई त्याच्या कानाशी वाकून म्हणाली, "आता पळून दाखव." मलाही हसू आलं. दोघांना पाटावर बसवलं, कापड घातलं, हातांत हात बांधले. मी कॅमेऱ्याशेजारी माझ्या जागेवर गेलो.

धवलेरीने सुरुवात केली. तिला कसली घाई? तिने डोंगराला बोलावलं, नदीला बोलावलं, वाघोबाला, धान्याच्या देवीला, कणसरीला. एकेकाचं पुष्कळ म्हणून झाल्यावर पुढचा. मॉनिटरवर चित्र असं आलं होतं की डायरेक्टरने माझा हात दाबला. दोन पाठी, मधून धूर, मागे डोंगर. मला वाटलं, जमलं! माझा पिक्चर झाला!

आणि बाची पाठ कलायला लागली.

आधी जरा, मग अजून जरा. आईला कळलं, तिने खांदा त्याच्याकडे नेला, पण तिचे हात त्याच्याच हातांत बांधलेले. ती काय करणार? मान न वळवता ती बसून राहिली. गाणं अजून बरंच बाकी होतं. डायरेक्टर कुजबुजला, "थांबव. कट दे. आडवं कर त्यांना, नंतर परत घेऊ." नंतर परत काही नव्हतं. लग्नही नव्हतं आणि बाही नव्हता. मी डायरेक्टरकडे बघितलं, मॉनिटरकडे बघितलं आणि चालायला लागलो.

सरळ फ्रेममध्ये गेलो. जीन्स घातलेली, डोक्यावर टोपी, कमरेला वॉकीटॉकी. बाच्या मागे गुडघ्यांवर बसलो आणि त्याच्या बगलेत हात घालून त्याला सरळ धरलं. रिकाम्या पोत्याएवढंही वजन नव्हतं त्याचं. मागून डायरेक्टरने मला एक शिवी घातली, हळूच, कारण ओरडायला बंदी होती. गाणं चालूच राहिलं. माझे हात हळदीने पिवळे झाले, गुडघे बधिर झाले. शेवटी तांदूळ पडले, ढोल वाजला, बायकांनी एकच गलका केला. लग्न लागलं.

बा हलला नाही. डोळे उघडे, समोर लागलेले.  "बा?" मी म्हटलं. "बा!"

ओठ न हलवता तो पुटपुटला, "कट बोलला काय?"

"झालं बा. संपलं."

त्याने अंग सैल सोडलं, माझ्या छातीवर रेलला. "परत घ्यायचा?"

"नाही रे. ओके झाला. एकदम ओके."

त्याच्या नखांतली हळद जायच्या आत बा गेला. आईने त्याला लग्नातलंच धोतर नेसवलं आणि मग ती रडली, अगदी मोकळेपणाने, कुणाची भीड न बाळगता.

पिक्चरचं म्हणाल, तर तो तिथेच राहिला. लग्नाच्या सीनमध्ये मधोमध मी, टोपीसकट. असला शॉट कुणाला दाखवणार? मी पुन्हा मुंबईत दुसऱ्यांच्या शूटिंगला लागलो, लोकांना बाजूला करायला. रात्री झोप येत नव्हती. माझ्याने काहीच पुरं होत नाही, असं मनाने घेतलं होतं.

मग एके दिवशी डायरेक्टरचा फोन आला. त्याच्या ओळखीचा एक जण कॉम्प्युटरवर माणसं पुसतो. "तुला असा गायब करतो की पत्ता लागणार नाही!" मी रस्त्यातच उडी मारली. पण दुसऱ्या दिवशी त्याचा आवाज उतरला होता. मला पुसलं की बा हवेत तिरका लटकतो. "म्हणजे बाबांनाही काढावं लागेल. त्यांच्या जागी हिरोला बसवतो. आईंची पाठ मात्र ठेवू, ती फारच छान आलीय. फक्त तू हो म्हण."

खोटं कशाला बोलू, मला ते पटलं. बा काय, पिक्चरमध्ये असला नसला तरी बाच. पाड्यावर गेलो आणि आईला मोबाइलवर तो शॉट दाखवला. तिने तोपर्यंत तो बघितला नव्हता. नागली पाखडायची थांबवून, मोबाइल डोळ्यांशी धरून तिने तो शेवटपर्यंत बघितला. मग मी तिला सगळं सांगितलं.

"तुला काढणार?"

"हो."

"आन ह्याला पण? आन ते मुंबईचं पोरगं बसवणार?"

"अगं, फक्त पिक्चरमध्ये."

"आन मी तशीच ऱ्हाणार?"

"तशीच. तुझी पाठ छान आलीय म्हणतात."

तिने सूप खाली ठेवलं. रागावलीसुद्धा नाही, तेच मला सहन झालं नाही.

"मग माझं लगीन कोणासंगं लागलं म्हणायचं?"

मी अंगणातून डायरेक्टरला फोन लावला. म्हटलं, "कुणालाच काढायचं नाही."

"मग पिक्चर गेला समज," तो म्हणाला.

समजलो. अंगणातच बसलो आणि रडायला लागलो, मोठमोठ्याने. आई शेजारी येऊन बसली. पदराने मोबाइल पुसला आणि माझ्या हातात दिला.

"परत लाव रे," म्हणाली. "मघाशी नीट दिसला नाय तो."