आबांच्या चिमटीतला कापूस

हे मी कुणालाच सांगितलेलं न्हाई. बायकोलाही न्हाई. आज तुम्हाला सांगून राह्यलो, पण मोकळेपणाचं कौतुक-बिवतुक करू नका. मी त्या लायकीचा माणूस न्हाई.

माझी ती फिल्म तुम्ही पाहिली असंल. स्मृतिभ्रंश झालेल्या माणसाच्या डोक्यात आत काय चालतं, ते दाखवणारी. गोष्ट न्हाई, बोलणं जवळजवळ न्हाई; धूसर भिंती, उलटे वाजवलेले आवाज, आणि मधे एका म्हाताऱ्याची बोटं. शहाण्या लोकांनी काय टाळ्या पिटल्या! म्हणे, तुम्ही त्यांच्या मनात शिरलात. शिरलो? हट्!

तो म्हातारा म्हणजे माझे आबा. परतूरला तीस वर्षं अडत्याकडे कापूस पारखायचे. चिमटीत पुंजका धरून ओढला, की डोळे मिटून धाग्याची लांबी सांगायचे. माझं नाव विसरले, जेवलो का न्हाई ते विसरले. पण घरातल्या टोपलीतला कापूस रोज सकाळी ओढून बघायचे आणि ‘बराबर’ म्हणायचे. तेवढ्यावर त्यांचा दिवस निभायचा.

आणि मला काय पाहिजे होतं? गोंधळ. आठ दिवस आबा कॅमेऱ्यापुढं नुसतं ‘बराबर, बराबर’ करून राह्यले होते. त्यात कसली आली फिल्म? — मंग मी टोपलीतला कापूस बदलला. बाजारातून आखूड धाग्याचा, हलका आणून भरला. कॅमेरा चालू केला.

आबांनी ओढला. थांबले. पुन्हा ओढला.

“हा आपला कापूस न्हाई. कुणीतरी बदलला.”

बिलकुल खरं होतं. त्या घडीला घरात शुद्धीवर असलेला माणूस एकच होता, आणि तो मी नव्हतो.

मी काय म्हणालो असंन? “न्हाई आबा, तोच हाय. तुम्हालाच कळंना झालंय.”

ते आपल्या बोटांकडं बघत राह्यले. “मंग माझंच चुकलं असंल,” म्हणाले. — लोक ज्याच्यावर रडतात, तो शॉट हाच. आणि मी कॅमेऱ्यामागं खूश होतो. हरामखोर, खूश होतो!

दुसऱ्या दिवशी जुना कापूस परत भरून ठेवला. आबांनी हात लावला न्हाई. आजही टोपली पुढं केली की दोन्ही हात मांडीखाली दाबून बसतात, आणि माझ्या तोंडाकडं बघतात — मी सांगंन ते बराबर.