धसईत बोललेला मूकपट

प्रोजेक्टरच्या तापलेल्या दिव्यावर धूळ जळाली की तो वास मला थेट धसईच्या शाळेत नेऊन बसवतो. नव्वदच्या दशकातली ती दुपार. वर्गाच्या खिडक्यांना काळी कापडं लावली होती आणि शहरातून आलेल्या सरांनी डेन्मार्कचा एक जुना मूकपट आणला होता. त्यातली नटी मूळची रंगभूमीवरची. नाटकात गाजलेला तिचा आवाज सिनेमात कुणी ऐकलाच नाही, असं सरांनी सांगितलं. पडद्यावरच्या पाट्या इंग्रजी, म्हणून सरांनी कागदावर लिहून दिलेलं त्यांचं मराठी वाचायला माझी सुमनमावशी उभी राहिली.

मावशी आमच्या वस्तीच्या नाटकात काम करायची. त्या वर्षी नाटक मंडळाच्या अध्यक्षांनी तिचा पार्ट काढून स्वतःच्या भावाला लुगडं नेसवलं होतं.

पडद्यावर नटीने एका माणसावर बोट रोखलं. मावशीने हातातला कागद खाली ठेवला. "माझा पार्ट का काढलास रे? तुझ्या मिशावाल्या भावाला पदर तरी सावरता येतो काय?"

वर्गात हशा पिकला. पहिल्या रांगेतले अध्यक्ष ताडकन उठले. "कागदावर लिवलंय तेवढंच वाच गो!"

"पडद्यावरची बाई मुकी हाय, अध्यक्ष. तुमाला कोणाचं बोलनं लागलं?"

त्यांनी प्रोजेक्टर बंद करायला लावला. मावशीला पुन्हा कधीच पार्ट मिळाला नाही. त्यांना मी आजही माफ केलेलं नाही. पण तेव्हा मी लाजून मावशीचाच पदर ओढत होते, "बस कर गो" म्हणत. ओढायचंच होतं, तर अध्यक्षांना खुर्चीत ओढून बसवायला हवं होतं आणि उरलेला अख्खा सिनेमा मावशीच्या तोंडून ऐकवायला हवा होता.